भूत नसलेला भयपट: बंद जागा, एकटा माणूस आणि आपला मेंदू

राम गोपाल वर्मा यांच्या ‘कौन?’ या १९९९ सालच्या हिंदी चित्रपटात एक घर आहे, बाहेर धो धो पाऊस आहे, घरात एकटी तरुणी आहे आणि दारात एक अनोळखी माणूस उभा आहे. गाणे एकही नाही आणि पात्रे जेमतेम तीन. उर्मिला मातोंडकर यांनी साकारलेली ती तरुणी टीव्हीवर ऐकते की शहरात एक खुनी मोकाट फिरतो आहे, आणि एवढ्या एका बातमीनंतर दाराची बेल, खिडकी, घरातला अंधारा कोपरा अशा एरवी कोणी लक्षही देणार नाही त्या गोष्टींकडे प्रेक्षक जीव मुठीत धरून पाहू लागतो. मोजकी पात्रे, एखादीच जागा, तुटपुंजे संवाद आणि बहुतेक वेळ पडद्याबाहेरच राहणारे भीतीचे कारण, अशी घडण असलेल्या चित्रपटांना मिनिमलिस्ट भयपट म्हणतात. त्यात पैशांची बचत होते हे उघड आहे. ‘क्यूब’ या १९९७ सालच्या कॅनडातल्या चित्रपटात हजारो चौकोनी खोल्यांचा चक्रव्यूह दाखवायचा होता, आणि तो मुख्यतः एकच खोली उभारून, तिच्या भिंतींचे रंग बदलत दाखवला गेला. मात्र काटकसरीमुळे असे चित्रपट का निघतात एवढेच कळते. ते पाहताना आपले हातपाय गार का पडतात, हे समजून घ्यायचे तर मेंदूच्या कामाची रीत पाहावी लागते.

डोळे आणि कान जे आणून देतात तेवढेच मेंदू पाहतो आणि ऐकतो, असा आपला समज असतो. प्रत्यक्षात पुढच्या क्षणी काय येणार याचा अंदाज मेंदू सतत बांधत असतो, आलेली माहिती त्या अंदाजाशी ताडून पाहतो आणि जिथे अंदाज चुकतो तिथेच विशेष लक्ष घालतो. सोलापूरच्या पूर्व भागात यंत्रमाग कारखान्यांच्या भिंतीला भिंत लावून राहणाऱ्यांना हे वेगळे समजावून सांगावे लागत नाही. मुक्कामाला आलेल्या पाहुण्याचा पहिल्या रात्री त्या खटखटीत डोळा लागत नाही आणि घरची मंडळी मात्र निवांत घोरत असतात. मध्यरात्री लाईट जाऊन सगळे माग एकदम थांबले, की घरची माणसे दचकून उठतात आणि पाहुण्याला तेव्हाच कुठे झोप लागते. ठरलेला आवाज न येणे हीसुद्धा मेंदूच्या लेखी एक घटनाच आहे. चांगला दिग्दर्शक शांतता वापरतो ती अशीच: आधी तो पंख्याची घरघर, पावसाची संततधार किंवा घड्याळाची टिकटिक इतका वेळ ऐकवतो की प्रेक्षकाला तिचा विसर पडतो, आणि मग ती काढून घेतो. सुरुवातीपासूनच सगळे शांत ठेवणारा दिग्दर्शक हा परिणाम गमावून बसतो, आणि शांततेलाच मिनिमलिझम समजणारे पुष्कळ चित्रपट कंटाळवाणे होतात ते त्यामुळेच, असे मला वाटते.

बाहेरून येणारी माहिती क्षणभर थांबण्याऐवजी दिवसचे दिवस थांबली तर काय होते, हे कॅनडातल्याच मॅकगिल विद्यापीठात डोनाल्ड हेब यांच्या मार्गदर्शनाखाली झालेल्या प्रयोगांतून पहिल्यांदा नीट नोंदले गेले. त्यांचे पहिले निष्कर्ष १९५४ साली प्रसिद्ध झाले. विद्यार्थ्यांना दिवसाला २० डॉलर देऊन एका लहानशा खोलीत पलंगावर पडून राहायला सांगण्यात आले. डोळ्यांवर उजेड येऊ देणारा पण आकार दिसू न देणारा चष्मा, हातांत मोजे आणि वरून पुठ्ठ्याच्या नळ्या, डोके फोमच्या उशीत आणि कानांवर यंत्राची एकसुरी घरघर. जेवण आणि शौच सोडले तर काही करायचे नाही. त्या काळी ही रक्कम चांगली होती, तरीही बहुतेकांनी दोन-तीन दिवसांत काढता पाय घेतला. सुरुवातीला ही मुले अभ्यासाचा, घरच्यांचा विचार करत. मग सलग विचार करणेच अवघड होत गेले. आणि मग अनेकांना बंद चष्म्यापलीकडे काही दिसू लागले, आधी ठिपके आणि रेषा, नंतर जाळीसारख्या नक्ष्या आणि शेवटी अख्खे प्रसंग. एकाला पाठीवर पोती घेतलेल्या खारी बर्फातून रांगेने चाललेल्या दिसल्या.

या खारींकडे लक्ष द्यायला हवे, कारण भयपट पाहून आपली जी समजूत होते तिला त्या छेद देतात. माणूस एकटा पडला की त्याला भयंकर गोष्टी दिसतात असे आपण गृहीत धरतो, पण रिकाम्या राहिलेल्या मेंदूने इथे पुढे केली ती एक गमतीशीर मिरवणूक. स्वित्झर्लंडच्या शार्ल बॉने यांनी १७६० साली आपल्या आजोबांविषयी असेच लिहून ठेवले होते. आजोबांची नजर गेली होती आणि त्यांना माणसे, पक्षी, इमारती दिसत; बुद्धी मात्र शाबूत होती. नजर अधू झालेल्या वयस्करांमध्ये आढळणाऱ्या या प्रकाराला आज बॉने यांचेच नाव आहे. डोळ्यांकडून पुरेशी माहिती येईनाशी झाली की मेंदूचा दृष्टीशी संबंधित भाग स्वतःच चित्रे तयार करतो, आणि हे काय आहे ते नीट समजावून सांगितले की बहुतेकांची काळजी मिटते. आपल्याकडे आजीला अंगणात नसलेली मुले दिसू लागली की आधी अंगारा येतो आणि डोळ्यांच्या डॉक्टरांची पाळी शेवटी येते, हा क्रम उलटा व्हायला हवा.

म्हणजे एकटेपणातून आणि रिकामेपणातून चित्रे येतात हे खरे, पण त्या चित्रांत भीती असतेच असे नाही. मग भयपटातल्या रिकाम्या खोलीत ती येते कुठून? माझ्या मते तिचे दोन उगम आहेत, एक अपेक्षा आणि दुसरा हतबलता, आणि मिनिमलिस्ट भयपटाची सगळी कारागिरी या दोन गोष्टींभोवतीच असते.

अपेक्षेचे बळ दाखवणारा एक प्रयोग अमेरिकेत मार्टिन ऑर्न आणि कार्ल शाइबी यांनी १९६४ साली प्रसिद्ध केला, आणि तो मॅकगिलच्या प्रयोगाइतका प्रसिद्ध नसला तरी भयपटाच्या दृष्टीने अधिक मोलाचा आहे. त्यांनी लोकांना चार तास एका साध्या खोलीत एकटे बसवले. चष्मा नाही, मोजे नाहीत, घरघर नाही. फरक होता तो स्वागताचा: एका गटाला पांढऱ्या कोटातला माणूस भेटला, त्याने प्रकृतीचा इतिहास विचारला, जबाबदारीच्या कागदावर सही घेतली आणि असह्य झाले तर दाबण्यासाठी एक बटण दाखवले, दुसऱ्या गटाला सांगितले गेले की तुम्ही फक्त तुलनेसाठी आहात. पहिल्या गटातल्या लोकांत अस्वस्थता, गोंधळ आणि भास यांची लक्षणे दुसऱ्या गटापेक्षा कितीतरी जास्त आढळली. खोली तीच, वेळ तेवढाच. काहीतरी होणार आहे ही खूणगाठ मात्र एकाच गटाच्या मनाशी बांधली गेली होती. या निष्कर्षामुळे आधीच्या प्रयोगांतले सगळे परिणाम खोटे ठरत नाहीत, पण त्यांतला काही वाटा निव्वळ अपेक्षेचा होता हे मान्य करावे लागते.

भयपटाचे पोस्टर, त्याला मिळालेले प्रमाणपत्र, सुरुवातीचे ते मंद संगीत आणि ‘एकटे पाहू नका’ असे शेजाऱ्याने दिलेले बजावणे, हा सगळा त्या पांढऱ्या कोटाचाच कारभार आहे. कौटुंबिक मालिकेतही बाई रिकाम्या स्वयंपाकघरात पाणी प्यायला जाते, आणि तिथे तिच्यामागचे काळोखे दार आपल्या नजरेत भरत नाही. भयपटात तेच दार दिसते, कारण ते पाहण्याची सूचना आपण तिकीट काढतानाच घेतलेली असते. म्हणूनच मुरलेले दिग्दर्शक पात्राला चौकटीच्या एका कडेला उभे करतात आणि उरलेली दोन तृतीयांश चौकट मोकळी सोडतात. त्या मोकळ्या जागेत काही येईलच असे नाही. बहुतेक वेळा येतही नाही. पण प्रेक्षकाची नजर पात्राचा चेहरा सोडून तिथेच घोटाळत राहते, आणि पडद्यावर काहीही न घडता त्याच्या अंगातले स्नायू आवळलेले राहतात.

अंधार आणि अर्धवट दिसणे यामुळे या अपेक्षेला आणखी धार येते. माणूस उजेडात असताना अचानक मोठा आवाज झाला तर तो जितका दचकतो, त्यापेक्षा अंधारात अधिक दचकतो, हे प्रयोगांत मोजून पाहिले गेले आहे. इटलीच्या जोव्हानी कापुतो यांनी २०१० साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात ५० जणांना मंद उजेडाच्या खोलीत १० मिनिटे आरशात स्वतःच्या चेहऱ्याकडे पाहायला सांगितले, तेव्हा सुमारे दोन तृतीयांश लोकांना आपला चेहरा विलक्षण बदललेला दिसला. काहींना अनोळखी माणूस दिसला, तर काहींना प्राणी किंवा राक्षसासारखा आकार. एका जागी नजर खिळली की तिच्या कडेच्या गोष्टी हळूहळू विरून जातात, हे स्विस वैद्य इग्नाझ ट्रॉक्सलर यांनी १८०४ सालीच टिपले होते. चेहऱ्याचा एखादा भाग असा विरतो आणि मेंदू ती उणीव हाताशी असेल त्याने भरून काढतो. चित्रपट पाहताना आपली नजर इतकी स्थिर नसते, त्यामुळे परिणामही एवढा तीव्र होत नाही, पण अंधुक आणि बराच वेळ न हलणाऱ्या दृश्यात चेहरे शोधण्याची मेंदूची खोड तीच असते. या खोडीला कारण आहे. सळसळ वाऱ्याची असताना जनावराची समजून पळालेल्या माणसाची थोडी दमछाक होते, पण जनावराची सळसळ वाऱ्याची समजणाऱ्याच्या जिवावर बेतू शकते. त्यामुळे खोट्या सूचना चालतील पण खरी सूचना हुकायला नको, अशाच बेताने आपली मज्जासंस्था घडली आहे.

उसाच्या फडात शिरलेल्या माणसाला हे शब्दशः जाणवते. सोलापूर जिल्ह्यात माळशिरस, पंढरपूर, माढा या भागांत डोक्याच्या वर गेलेला ऊस काही अपूर्वाईचा नाही. चार सऱ्या आत गेले की पाच-सहा हातांपलीकडचे दिसेनासे होते, पायाखाली वाळलेले पाचट वाजते, पात्याची धार गालाला आणि मनगटाला लागते, आणि वारा सुटला की सळसळ चारही बाजूंनी एकदम येते, त्यामुळे पलीकडे माणूस चालतो आहे, रानडुक्कर घुसले आहे की निव्वळ वारा आहे, याचा निवाडा कानांना करता येत नाही. आपलाच पाय थबकला की ज्या आवाजाच्या मागावर आपण होतो तोही थांबतो, आणि तो आपल्याच पावलांचा होता की काय या शंकेने माणूस आणखी बावरतो. विशाल फुरिया यांच्या ‘लपाछपी’ या २०१७ साली प्रदर्शित झालेल्या मराठी चित्रपटाने हीच जागा निवडली आहे. पूजा सावंत यांची गरोदर नायिका नवऱ्याबरोबर उसाच्या रानातल्या एका घरात येऊन राहते, आणि घराभोवती कुंपण नाही, दाराला कुलूप नाही, तरी तिथून बाहेर पडता येत नाही. या चित्रपटात भुतेही आहेत आणि एक सामाजिक विषयही आहे, त्यामुळे त्याला काटेकोर अर्थाने मिनिमलिस्ट म्हणता येणार नाही. पण भिंतींशिवाय कोंडणे त्याला साधले आहे, आणि माझ्या दृष्टीने त्यातली खरी भीती भुतांपेक्षा त्या उसात अधिक आहे. २०२१ साली या चित्रपटाची ‘छोरी’ या नावाने हिंदी आवृत्ती निघाली, तीही उसातच घडते.

आता हतबलतेकडे वळू. एकटे राहणे आणि कोंडले जाणे यांत बाहेरून पाहणाऱ्याला फारसा फरक दिसत नाही. दोन्हीकडे एक माणूस आणि चार भिंती. तुकोबा देहूजवळच्या भंडारा डोंगरावर जाऊन बसत, तेव्हा तेही एकटेच असत, पण उठून घरी यायचे की नाही हे त्यांच्या हातात होते. कडी आतून आहे की बाहेरून, एवढ्यावर अनुभवाची सगळी जात बदलते. अमेरिकेत डेव्हिड ग्लास आणि जेरोम सिंगर यांनी १९७० च्या सुमारास केलेल्या प्रयोगांत लोकांना मोठे, अनियमित आवाज ऐकवले. काहींना सांगितले की हे बटण दाबले तर आवाज बंद होईल, शक्यतो मात्र दाबू नका. त्यांनी ते दाबले नाही, तरीही नंतर दिलेल्या अवघड कामात ते बटण नसलेल्यांपेक्षा अधिक वेळ टिकले आणि त्यांच्या चुकाही कमी झाल्या. ऑर्न यांच्या प्रयोगातले बटण आणि हे बटण दिसायला सारखेच आहे, पण पहिल्याने ‘इथे धोका आहे’ असे सांगितले आणि दुसऱ्याने ‘सुटका तुझ्या हातात आहे’ असे, आणि माणसांनी त्या त्या सांगण्याप्रमाणे प्रतिसाद दिला.

काहीही केले तरी फरक पडत नाही हे वारंवार अनुभवल्यावर प्राणी प्रयत्नच सोडून देतात, हे मार्टिन सेलिग्मन आणि स्टीव्हन मायर यांनी १९६७ साली कुत्र्यांवरच्या प्रयोगांत दाखवले होते. सुमारे पन्नास वर्षांनी, २०१६ साली, याच दोघांनी मेंदूविषयीची नवी माहिती हाती आल्यावर आपले स्पष्टीकरण उलटे केले: दीर्घ त्रासापुढे हातपाय गाळणे ही मेंदूची मूळची प्रतिक्रिया असते, आणि आपल्या कृतीने काही बदलते ही गोष्ट त्याला अनुभवाने शिकावी लागते. कोंडलेल्या माणसावरच्या चित्रपटाचा कणा हाच आहे. विक्रमादित्य मोटवाने यांच्या ‘ट्रॅप्ड’ या २०१७ च्या चित्रपटात राजकुमार राव यांचा नायक मुंबईतल्या एका ओसाड इमारतीच्या ३५व्या मजल्यावर अडकतो, जिथे वीज नाही, पाणी नाही आणि खाली चालणाऱ्या लाखो माणसांपैकी एकालाही त्याची हाक ऐकू येत नाही. तो चित्रपट भयपट म्हणून विकला गेला नाही, पण दर वेळी एक उपाय करणे, तो फसणे, थोडा वेळ खचून बसणे आणि पुन्हा नवा उपाय शोधणे हा त्यातला क्रम मनाच्या कामाशी इतका मिळताजुळता आहे की भुतांच्या अनेक चित्रपटांपेक्षा तो अधिक घाबरवतो. बोलायला कोणी नाही म्हणून नायक उंदराशी बोलू लागतो, हा प्रसंगही वेडाचे लक्षण म्हणून रंगवलेला नाही; सोबतीची गरज किती मूलभूत आहे, एवढेच तो दाखवतो. ‘बरीड’ या २०१० सालच्या चित्रपटात तर ही चौकट शवपेटीएवढी झाली आहे: इराकमध्ये जमिनीत पुरलेला एक ट्रकचालक, जवळ लायटर आणि मोबाइल, आणि दीड तास कॅमेरा दुसऱ्या कोणत्याही ठिकाणी जात नाही. तिथे भीतीचे माप म्हणजे मोबाइलची उरलेली बॅटरी, कारण नायकाच्या हातात असलेली तेवढीच गोष्ट आहे आणि ती प्रेक्षकाच्या डोळ्यांदेखत कमी होत जाते.

एका बाबतीत मात्र चित्रपट कोंडलेपणाचा खरा अनुभव देऊ शकत नाही, आणि ती बाब म्हणजे काळ. फ्रान्सचे मिशेल सिफ्र १९६२ साली आल्प्समधल्या एका गुहेत घड्याळाशिवाय दोन महिने एकटे राहिले. १४ सप्टेंबरला त्यांना बाहेर येण्यास सांगितले गेले, तेव्हा त्यांच्या हिशेबाने २० ऑगस्टच चालू होता. दोन मिनिटे मोजायला सांगितल्यावर त्यांनी १ ते १२० आकडे मोजले, आणि त्याला सुमारे पाच मिनिटे लागली. म्हणजे घडामोडी नसलेला काळ मागे वळून पाहताना आक्रसतो. भीतीतला काळ याच्या उलट वागतो: २००७ साली प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या एका प्रयोगात ३१ मीटर उंचीवरून जाळ्यात पडलेल्या लोकांना स्वतःचे पडणे इतरांच्या पडण्यापेक्षा सुमारे एक तृतीयांशाने अधिक वेळ चालल्यासारखे वाटले. नव्वद मिनिटांच्या चित्रपटात प्रेक्षकाच्या वाट्याला येतो तो हा दुसरा काळ, ताणून लांबलेला. महिन्यांचा तो गुळगुळीत, खुणा नसलेला काळ त्याला देणे दिग्दर्शकाच्या आवाक्याबाहेरचे आहे. मग काहीजण युक्ती करतात. १९६५ सालच्या ‘रिपल्शन’ या चित्रपटात लंडनमधल्या फ्लॅटमध्ये स्वतःला कोंडून घेतलेली तरुणी शिजवण्यासाठी आणलेला ससा तसाच टाकून देते. ती काळाचे भान हरवत जाते आणि तो ससा सडत जातो, त्यामुळे किती दिवस उलटले हे तिला नाही तरी आपल्याला कळत राहते. भिंतींना पडणारे तडे आणि त्यांतून बाहेर येणारे हात यांची चर्चा अधिक झाली असली, तरी माझ्या मते त्या ताटलीतल्या सशाचे काम मोठे आहे.

खरा दीर्घ एकांतवास पडद्यावर दाखवतात त्यापेक्षा पुष्कळ संथ आणि रटाळ असतो. तुरुंगात एकट्या कोठडीत ठेवलेल्या कैद्यांचा अभ्यास करणारे मानसोपचारतज्ज्ञ स्टुअर्ट ग्रासियन यांनी १९८३ साली नोंदवले की अशा माणसांना साधे आवाजही सहन होईनासे होतात, लक्ष एकवटत नाही, विचारांचा गुंता होतो आणि काहींना भास होतात. सगळ्यांवर सारखाच परिणाम होतो असे नाही, आणि परिणाम किती खोल जातो याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. तरीही धोका मान्य करूनच कायदे झाले आहेत: आपल्याकडे १८६० च्या दंडसंहितेने एकांत कोठडीची शिक्षा एका वेळी १४ दिवसांपेक्षा आणि एकूण तीन महिन्यांपेक्षा जास्त देता येणार नाही असे ठरवले, आणि आता लागू असलेल्या भारतीय न्याय संहितेतही ती मर्यादा आहे. संयुक्त राष्ट्रांनी २०१५ साली स्वीकारलेल्या आणि नेल्सन मंडेला यांचे नाव दिलेल्या नियमांनुसार दिवसाचे २२ तास किंवा अधिक वेळ माणसांशी अर्थपूर्ण संपर्काविना ठेवणे म्हणजे एकांत कोठडी, आणि सलग १५ दिवसांपलीकडे तिला मनाई आहे.

भयपट आणखी एक गोष्ट हटकून उलटी दाखवतात. एकट्या माणसाला शेजारी कोणीतरी असल्याचा भास होतो, हे वास्तवातही घडते, पण तो ‘कोणीतरी’ बहुधा वैरी नसतो. अंटार्क्टिकाच्या मोहिमेवर गेलेले अर्नेस्ट शॅकल्टन आणि त्यांचे दोन सोबती १९१६ साली साउथ जॉर्जिया बेटावरचे बर्फाळ डोंगर ओलांडत असताना आपण तिघे नसून चौघे आहोत असे त्यांना वाटत राहिले, आणि शॅकल्टन यांनी त्याचा उल्लेख आधार म्हणून केला आहे. वेल्समधले डॉक्टर ड्युई रीस यांनी १९७१ साली जोडीदार गमावलेल्या सुमारे ३०० लोकांच्या मुलाखती प्रसिद्ध केल्या. त्यांतल्या जवळजवळ निम्म्या लोकांना गेलेल्या जोडीदाराचे अस्तित्व जाणवले होते, काहींना तो दिसलाही होता, आणि बहुतेकांना त्याने दिलासाच दिला होता. सोलापुरात मुले पुण्याला नाहीतर हैदराबादला नोकरीस गेल्यावर मोठ्या घरात मागे राहिलेल्या एखाद्या काकूंनी ‘हे अजून संध्याकाळी गेट वाजवतात’ असे सांगितले, तर ते भयपटाचे कथानक नसते आणि बहुधा आजारही नसतो. पडद्यावरचा दिग्दर्शक मात्र हाच भास उचलतो, त्यातला जिव्हाळा काढून टाकतो, त्या जागी अपेक्षा आणि हतबलता भरतो, आणि गेटचा तोच आवाज ऐकून आपण खुर्चीत मागे सरकतो.

आपल्याकडच्या मध्यंतराने या सगळ्याचे नुकसान होते ते याच कारणाने. ४५ मिनिटे जपून बांधलेला ताण दिवे लागताच उतरतो, माणूस उठून बाहेर जातो, समोसा खातो, फोन पाहतो, आणि दार आपल्या हातात असल्याची खात्री त्याला आयती मिळते. एका जागेत घडणाऱ्या चित्रपटाला मध्यंतर नसावेच, असे माझे मत आहे. घरी मोबाइलवर पाहताना तर थांबवण्याचे बटण सतत अंगठ्याखाली असते. म्हणून अंधार करून, फोन दूर ठेवून आणि एका बैठकीत पाहिल्याशिवाय ‘यात घाबरण्यासारखे काय आहे?’ असा निवाडा देऊ नये. सुरक्षित जागी बसून घाबरण्यात बऱ्याच लोकांना आनंद मिळतो, आणि भीती फार थोडी किंवा फार जास्त झाली की तो आनंद ओसरतो, हे डेन्मार्कमधल्या एका भुताटकीच्या करमणूकगृहात आलेल्या लोकांच्या हृदयाचे ठोके मोजून २०२० साली दाखवले गेले.

ज्यांना लिफ्टमध्ये किंवा एमआरआयच्या यंत्रात जीव घुसमटल्यासारखा होतो, ज्यांना पॅनिकचे झटके येऊन गेले आहेत किंवा जे खरोखरच कधी कुठे अडकून पडले आहेत, त्यांना ही मात्रा लवकर जास्त होऊ शकते, कारण त्यांच्या मेंदूला धोक्याची अपेक्षा शिकवण्याचे काम चित्रपटाला करावेच लागत नाही. असा चित्रपट पाहण्याची इच्छा असेल तर त्यांनी कथेचा शेवट आधी वाचून घ्यावा, तो दिवसा आणि सोबतीने पाहावा, आणि छाती धडधडू लागली तर तो अर्धवट सोडण्यात काही कमीपणा मानू नये.